मंदाकिनीचा चेहरा आणि 'भाबडा' प्रेक्षक

गोकुळाष्टमी जवळ आली की एक मजकूर फिरू लागतो. म्हणे जुन्या पौराणिक चित्रपटांनी बाळकृष्णाचे चमत्कार खरे म्हणून दाखवून भाबड्या लोकांना गंडवलं, पदरच्या गोष्टी घुसडल्या आणि पोरांना चोरी शिकवली.

गंडवलं म्हणणाऱ्यांनी दादासाहेब फाळक्यांच्या 'कालिया मर्दन'ची (१९१९) निदान सुरुवात पाहावी. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने तो जपला आहे. पडद्यावर आधी कृष्ण येतच नाही. येते फाळक्यांची लेक मंदाकिनी, लहानशी पोर. ती एकामागून एक भाव चेहऱ्यावर आणून दाखवते, आणि मग त्याच चेहऱ्याच्या जागी हळूहळू कृष्ण उभा राहतो. ही नटी आहे, हा वेश आहे, हे फाळक्यांनी गोष्टीआधीच उघड केलं. फसवायचं असतं तर हे कशाला दाखवलं असतं? आणि प्रेक्षकालाही ते नवं नव्हतं. कोकणात दशावतारात ओळखीचाच माणूस देव होतो, लोक त्याच्या पाया पडतात, आणि सकाळी तोच माणूस आपल्या कामाला लागलेला दिसतो. श्रद्धा आणि सोंग, दोन्ही ठाऊक असणाऱ्या माणसाला भाबडा म्हणणं मला खरोखर लागतं.

गोष्टी पदरच्या? कालियाची कथा भागवताच्या दशम स्कंधात आहे. याच चित्रपटात कृष्ण रात्री घरात शिरून झोपलेल्या नवऱ्याची दाढी आणि बायकोचे केस एकत्र बांधतो. ही खोडीही आपल्या कीर्तन-गवळणींतली, पडद्याच्या कितीतरी आधीची.

चोरीचं म्हणाल तर हा पोरगा लोणी सवंगड्यांत वाटून खातो. आपला गोपाळकाला तिथूनच आला.

राहिला चमत्कार. डोहाचा प्रसंग नीट पाहा. पाण्याखाली कृष्ण नागाशी झुंजतोय, आणि फाळके मध्येमध्ये आपल्याला काठावर नेतात. तिथे गावकरी हवालदिल, यशोदेचा धीर सुटलेला. तो जिवंत आहे हे आपल्याला दिसतं, तिला दिसत नाही. नागापेक्षा माझा जीव त्या काठावरच अडकतो, दर वेळी.