कोर्टात गेला त्यालाच लाभ, बाकीच्यांनी बसा

सरकारी कार्यालयाच्या आस्थापना शाखेत (कर्मचाऱ्यांच्या पगार-बढत्यांच्या फायली बघणाऱ्या) बरीच वर्षं काढलीत, टेबलाच्या दोन्ही बाजू बघितल्यात, म्हणून लिहितोय. "सरकारी लोकांना अजून काय पाहिजे" वाल्यांनी आधी एवढं समजून घ्या की आश्वासित प्रगती योजना म्हणजे फुकटचं प्रमोशन नाही. वर जागाच नाहीत म्हणून माणूस वीस-वीस वर्षं त्याच पदावर घासतो, त्याला निदान वरची वेतनश्रेणी द्या एवढंच, पदनाम तेच आणि काम पण तेच. राज्यात हे ऑक्टोबर १९९४ पासून कालबद्ध पदोन्नती म्हणून लागू झालं, १२ वर्षांनी एक लाभ, मग २०१० च्या जीआरने (शासन निर्णयाने) १२ आणि २४ वर्षांनी, आणि सातव्या वेतन आयोगानंतर २ मार्च २०१९ च्या जीआरने १०, २० आणि ३० वर्षांनी.

जीआर छानच आहे हो, पण फाइल अडते ती गोपनीय अहवालावर, म्हणजे साहेबाने दरवर्षी कर्मचाऱ्याच्या कामाबद्दल लिहायच्या शेऱ्यावर. अहवाल लिहायचा साहेबांनी, साहेब बदलून गेले, अहवाल राहिला, आणि त्रुटी कोणाच्या नावावर, तर कर्मचाऱ्याच्या! मग "मार्गदर्शन मागवले आहे" असा शेरा पडतो आणि फाइल मंत्रालयाच्या वाटेला लागते ती परत कधी येईल देव जाणे. शेवटी माणूस मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जातो (जिल्हा परिषदेवाला थेट हायकोर्टात), पदरचे पैसे घालून.

आणि जिंकला तरी काय? आदेश "फक्त अर्जदारापुरता मर्यादित". शेजारच्या टेबलावरचा, त्याच दिवशी लागलेला, त्याच पदाचा माणूस विचारायला गेला की उत्तर ठरलेलं, तुम्ही पण आदेश आणा. माझा राग आहे तो इथे. सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्ये उत्तर प्रदेश सरकार विरुद्ध अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरणात स्वच्छ सांगितलंय की सारख्या परिस्थितीतल्या कर्मचाऱ्यांना सारखाच लाभ द्यायचा, कोर्टात आला नाही एवढ्यावरून नाकारायचा नाही. अर्थात त्याच निकालात हेही आहे की वर्षानुवर्षं गप्प बसून दुसरा जिंकल्यावर जागे होणाऱ्यांना ती सवलत नाही. आपले कार्यालयवाले हे दुसरं वाक्य तोंडपाठ म्हणतात, पहिलं कोणाला आठवत नाही.

३० जूनला रिटायर होणाऱ्यांच्या इन्क्रिमेंटचं बघा. वर्षभर काम केलं पण १ जुलैला नोकरीत नाही म्हणून वेतनवाढ मिळत नव्हती. मद्रास हायकोर्टाने २०१७ मध्ये एका केंद्रीय कर्मचाऱ्याच्या बाजूने निकाल दिला, सरकार म्हणालं हा त्याच्यापुरता. मग राज्याराज्यात केसेसचा पाऊस, आणि एप्रिल २०२३ मध्ये कर्नाटकच्या वीज कंपनीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने पण तेच सांगितलं. मधल्या काळात सत्तरी-पंचाहत्तरीचे पेन्शनर एका इन्क्रिमेंटसाठी वकील शोधत होते, आणि सरकारी वकिलांची फी कोणाच्या पैशातून गेली ते सांगायला नको.

आता आपल्या लोकांनाही दोन शब्द. कोर्ट म्हणजे मागेल ते मिळायची जागा नाही. केंद्राच्या एमएसीपीमध्ये (त्यांची अशीच आश्वासित प्रगती योजना) प्रमोशनच्या पदाचा ग्रेड पे (पदाच्या दर्जाप्रमाणे मिळणारा पगाराचा भाग) मिळावा म्हणून कितीजण लढले, काही ठिकाणी जिंकले पण, पण मार्च २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की योजनेत लिहिलंय तसं पुढच्या टप्प्याचाच ग्रेड पे मिळेल, धोरण ठरवणं सरकारचं काम. तेव्हा जीआरमध्ये नसलेलं मागायला वर्गणी गोळा करणाऱ्या व्हॉट्सॲप ग्रुपपासून जरा जपून.

पण जीआरमध्ये आहे आणि देत नाहीत, तर बसून राहू नका. पगाराचा हक्क दर महिन्याला बुडतो म्हणून उशीर झाला तरी दाद मागता येते, पण थकबाकी साधारण कोर्टात अर्ज केल्याच्या आधीच्या तीनच वर्षांची मिळते, २००८ च्या तरसेम सिंग निकालापासून हेच चालू आहे. म्हणजे साहेबांच्या तोंडी "बघू" वर जेवढे दिवस काढाल तेवढे पैसे गेले. लेखी अर्ज द्या, आवक नंबर टाकलेली प्रत घ्या, आणि दहा वर्षं पूर्ण होण्याआधीच गोपनीय अहवालांच्या प्रती मागून ठेवा, रिटायरमेंटच्या तोंडावर नाही.