‘एकच चेहरा’ म्हणणाऱ्या वाचकास

फ्रेंच अभिनेता मायकल लॉन्सडेलवरच्या माझ्या लेखाखाली आपण लिहिलंत : ‘पन्नास वर्षं एकच चेहरा आणि एकच पुटपुटणारा आवाज. युरोपियन म्हटलं की तुम्ही लोक कोणालाही डोक्यावर घेता. मूनरेकर सोयीस्करपणे विसरलात. लेखही लांबलाय.’

‘तुम्ही लोक’ म्हणजे नेमके कोण? अभिनय आवडला नाही, एवढंच म्हणाला असतात तर मी आभार मानून गप्प बसलो असतो. आधी माणसाला कळपात ढकलायचं आणि मग त्याच्याशी बोलायचं, ही कुठली रीत?

‘मूनरेकर’ (१९७९) हा बाँडपट लेखातल्या सिनेमांच्या यादीत हवा होता, मान्य. त्यातल्या ड्रॅक्स या खलनायकामुळे लॉन्सडेल जगभर पोचला.

आता ‘एकच चेहरा’. ‘द डे ऑफ द जॅकल’मधला (१९७३) पोलीस अधिकारी लबेल आठवा. बड्या अधिकाऱ्यांच्या बैठकीत तो फोनवरच्या बोलण्याची टेप लावतो. तपासाची बातमी त्यांच्यातल्याच एकाच्या घरातून फुटलेली असते. कुणाचा फोन ऐकायचा हे कसं कळलं, असं मंत्री विचारतो. कळलं नव्हतं, म्हणून सगळ्यांचेच ऐकले, असं हा सांगतो. आवाज जराही चढत नाही.

दिग्दर्शक त्रुफोच्या ‘बेझे व्होले’त (१९६८) हाच माणूस बुटांच्या दुकानाचा मालक आहे. मी कुणालाच आवडत नाही, का ते शोधून काढा, असं काम घेऊन तो गुप्तहेरांच्या कचेरीत येतो. आवाज तोच संथ. लबेलचा धाक वाटतो, या दुकानदाराचं हसू येतं, आणि थोड्या वेळाने पोटात कालवतं. लेखिका-दिग्दर्शिका द्युरासच्या ‘इंडिया साँग’मध्ये (१९७५) तर पात्रांचे ओठच हलत नाहीत, संवाद नुसते कानावर येतात. त्यात कलकत्त्याच्या फ्रेंच वकिलातीतल्या समारंभातून हाकललेल्या उपवाणिज्यदूताचा आक्रोश ऐका. तुमचा ‘पुटपुटणारा’ आवाज तो हाच!

मी हे ऐकीव माहितीवर लिहीत नाही. प्रायोगिक रंगभूमीवर मी वर्षानुवर्षं दोन-चार वाक्यांच्या भूमिका केल्या आहेत. तासभर विंगेत थांबून, आत जाऊन, तेवढ्या वाक्यांत माणूस उभा करणं काय असतं, हे मला ठाऊक आहे. आपण कधी रंगमंचावर पाय ठेवलाय? नसेल, तर ‘डोक्यावर घेता’ हे शब्द जपून वापरा.

आणि ‘ऑफ गॉड्स अँड मेन’ (२०१०)? अल्जीरियातल्या मठातला, दम्याने थकलेला वैद्य ल्यूक. गावातली मुलगी बाकावर शेजारी बसून त्याला विचारते, प्रेमात पडल्यावर काय होतं? ऐंशीला टेकलेला लॉन्सडेल किती सहज उत्तर देतो! फ्रान्सने त्यासाठी त्याला साहाय्यक अभिनेत्याचा सेझार हा तिथला चित्रपट पुरस्कार दिला. तोही डोक्यावर घेण्याचाच प्रकार का?

पन्नास नव्हे, त्याच्या पहिल्या सिनेमापासून, म्हणजे १९५६पासून मोजलं तर साठ वर्षं भरतात. लेखाच्या लांबीबद्दल मी वाद घालत नाही, ज्याला लांब वाटतो त्याने सोडून द्यावा.

तुमची प्रतिक्रिया काढलेली नाही, काढणारही नाही. पुन्हा लिहाल तेव्हा यातला एक तरी सिनेमा पाहून, एखादा प्रसंग धरून लिहा. मग रात्रभर भांडायची माझी तयारी आहे.