तालमीचं गाणं कधी लागतं?

शाळकरी पोरं नाटक बसवतात अशा सिनेमांत साधारण तासाभरानं एक गाणं लागतं. गाणं सुरू होतं तेव्हा पोरांना काही म्हणजे काही येत नसतं. कुणी संवाद विसरतं, कुणी पडद्यात गुंडाळलं जातं, दिग्दर्शक कपाळ बडवून घेतो. मग ठेका वाढतो, खिळे ठोकले जातात, रंगाचे डबे उघडतात, एक मुलगी हसते आणि गाणं संपेस्तोवर नाटक बसलेलं असतं. तीन मिनिटं. फार तर साडेतीन. आमच्या शाळेत हे गाणं कधी लागतंय याची वाट मी दिवाळीपासून बघत होतो.

आमची शाळा धारूर तालुक्यात, बालाघाटाच्या डोंगरात. मी विज्ञान शिकवतो. गॅदरिंगचं नाटक बसवणाऱ्या मराठीच्या बाई बाळंतपणाच्या रजेवर गेल्या, तेव्हा मुख्याध्यापकांनी स्टाफरूमवरून नजर फिरवली आणि ती माझ्यावर थांबली. "तुम्ही सिनेमे लई बघता म्हणं," ते म्हणाले. हा आरोप आहे की नेमणूक, हे कळायच्या आत रजिस्टरात नोंद झाली होती.

मग मी अभ्यासाला लागलो. अभ्यास म्हणजे पुन्हा सिनेमेच. सिनेमांची ही जात जुनी आहे. १९३९ च्या 'बेब्ज इन आर्म्स'मध्ये मिकी रूनी आणि ज्युडी गार्लंड पोरं गोळा करून खेळ लावतात, ऐन खेळात वादळ येतं, सगळी धूळधाण होते, तरी शेवटी मंडळी ब्रॉडवेला पोचतात. आमच्याकडे अवकाळी आला तर आधी हरभरा जातो, त्यामागून प्रेक्षक जातात, आणि नाटक तेवढं गळ्यात राहतं.

विषय मुख्याध्यापकांनीच दिला: निजामाविरुद्धचा मुक्तिसंग्राम. मराठवाड्यात याला कोण नाही म्हणणार? देश १५ ऑगस्ट १९४७ ला सुटला आणि आपण १७ सप्टेंबर १९४८ ला, त्यामुळे वर्षात झेंडावंदनं आपल्याकडे एक जास्त. अडचण इतिहासाची नव्हती, भूमिकांची होती. भूमिका विचारल्या तर सगळ्या वर्गाला रझाकार, म्हणजे निजामाच्या बाजूचे बंदूकवाले, व्हायचं होतं. सत्याग्रही व्हायला एकही हात वर नाही. "सत्याग्रह्याला नुसता मार खावा लागतो सर," एकानं कारण दिलं, आणि ते मला खोडता आलं नाही.

म्हणून मी दहा वर्षं मागं गेलो. १९३८ साली औरंगाबादच्या कॉलेजच्या वसतिगृहात पोरांनी 'वंदे मातरम्' म्हटलं, त्यावर बंदी आली, पोरं हटून बसली, हे लोण हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठापर्यंत गेलं. पोरांना काढून टाकलं आणि पुढं नागपूर विद्यापीठानं त्यांना सामावून घेतलं. विद्यार्थ्यांनी करायचं विद्यार्थ्यांचंच नाटक, रझाकार नाही, बंदूक नाही, खर्चही कमी. मी स्वतःवर खूश होतो.

पोरं नव्हती. "ह्याच्यात फौजदार तरी हाय का?" इतिहासात असेल-नसेल, माझ्या नाटकात तीन आले. मग मुख्याध्यापक आले. त्यांना मुक्तिसंग्रामाचे पुढारी स्वामी रामानंद तीर्थ व्हायचं होतं. स्वामीजीही अंबाजोगाईला मुख्याध्यापक होते, तेव्हा ही भूमिका सेवाज्येष्ठतेनं आपलीच, असं त्यांचं म्हणणं. मी नम्रपणे सांगितलं की स्वामीजींना त्या ऑक्टोबरातच सत्याग्रहात अटक झाली होती, ते वसतिगृहात कसे येतील? सरांनी क्षणभर विचार केला. "मग तुरुंगातून बोलतो की!"

ते तुरुंगातून दोन पानं बोलले.

या सिनेमांतला बाप हा एक स्वतंत्र विषय आहे. 'डेड पोएट्स सोसायटी'तला नील बापाच्या धाकानं परवानगीचं खोटं पत्र लिहितो आणि शेक्सपिअरच्या नाटकात पक नावाच्या पात्राचं काम करतो. पुढं जे होतं ते विनोदी लेखात बसणारं नाही. त्या धास्तीनं मी आधीच पालकांची सभा घेतली. एकही बाप नाटकाला नाही म्हणाला नाही. उलट आमच्याकडचे बाप वह्या तपासायला आले. प्रिन्सिपॉलचं काम करणाऱ्या मुलीच्या वडलांनी तिच्या ओळी मोजल्या, मग शेजारच्या गल्लीतल्या मुलाच्या मोजल्या, आणि म्हणाले, "त्याला चार ओळी जास्त कामून?" तो मुलगा त्यांच्या भावकीतला निघाला. बांधाचं भांडण नाटकात येऊ नये म्हणून मी त्या मुलीला चार ओळी वाढवून दिल्या. त्यात प्रिन्सिपॉल हवापाण्यावर बोलते.

मदतीला मला पीटीचे सर मिळाले. 'लेडी बर्ड' पाहिला नसता तर मी हबकलो असतो. त्यात नाटक बसवणारे फादर आजारी पडतात आणि 'द टेम्पेस्ट' बसवायला फुटबॉलचा कोच येतो. तो फळ्यावर फुल्या-गोळे काढून नटांना चाली समजावतो. लोक ते बघून हसतात. मी हसत नाही, कारण आमच्या सरांनी फळ्यावर कबड्डीचं मैदान काढलं आणि पहिल्यांदा पोरांना कुठं उभं राहायचं ते कळलं. वॉर्डन रेडर, विद्यार्थी कव्हरला, प्रेक्षकांकडं पाठ केली की आऊट. एक फौजदार चुकून "कबड्डी कबड्डी" म्हणत आत शिरायचा, तेवढं सोडलं तर माझ्या सगळ्या मानसशास्त्रीय सूचनांपेक्षा हे बरं चाललं.

'रशमोर'मध्ये पंधरा वर्षांचा मॅक्स शाळेच्या स्टेजवर व्हिएतनामचं युद्ध उभं करतो. स्फोट इतके की प्रेक्षकांसाठी गॉगल आणि कानातले बोळे ठेवलेले असतात. हे आमच्या पोरांना कुणीतरी सांगितलं. मी नव्हे. दुसऱ्या दिवशी वसतिगृहाच्या प्रवेशात सुतळी बॉम्ब सुचवण्यात आला आणि त्याला पीटीच्या सरांचं अनुमोदन होतं.

या धामधुमीत एकच पोरगा असा होता की ज्याच्यासाठी नाटक करावं. नववीतला, वॉर्डनचं काम करणारा. त्याला स्वतःचं पाठ होतंच, शिवाय इतरांचं होतं, आणि मुख्याध्यापकांची दोन पानंही. कुणी अडलं की हा स्टेजच्या दुसऱ्या टोकाहून ओठ हलवायचा. सिनेमा असता तर गाणं याच्यावरच लागलं असतं.

पण आमच्या भागात दिवाळी झाली की ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जातो आणि ट्रॅक्टर पश्चिम महाराष्ट्रात नाहीतर कर्नाटकात कारखान्यावर. एरवी हा आजीजवळ राहायचा. यंदा आजी पडली, तिला मावशीनं नेलं, आणि वॉर्डन ऊसतोडीला गेला. वर्गात तशी दरसाल बाकं रिकामी होतात, हजेरीपटावर त्याची सवय झालीय, ही सवयच वाईट. नाटकात मात्र एक बाक रिकामं झालं की सगळे अडखळतात.

'शांतता! कोर्ट चालू आहे'मध्ये हौशी मंडळी गावातल्याच सामंतला साक्षीदार म्हणून उभं करतात आणि तो बिचारा निभावून नेतो. सत्यदेव दुबेंनी १९७१ साली त्याचा सिनेमा केला, तो मी पुन्हा खास सामंतसाठी पाहिला. आमचा सामंत म्हणजे आठवीतला मॉनिटर. उंच, गोरा, आवाज खणखणीत. पाठांतर शून्य.

गॅदरिंग सहाचं, पाहुणे साडेआठला आले. 'वेटिंग फॉर गफमन'मध्ये ब्लेन नावाच्या गावातली हौशी मंडळी न्यूयॉर्कच्या एका माणसाची खुर्ची धरून बसतात, तो शेवटपर्यंत येत नाही. मला त्या मंडळींचा हेवा वाटतो. आमचे पाहुणे आले, सोबत आणखी नऊ जण आले, आणि सगळ्यांचे सत्कार झाले. नाटकावरच्या एकाही सिनेमात मी सत्कार पाहिलेला नाही. शाल, नारळ, हार, मग हार घालणाऱ्याचा हार. विंगेत फौजदारांच्या मिशा घामानं सुटल्या. ड्रेपरीवाल्यानं आणलेला गोंद संपला होता, म्हणून पीटीच्या सरांनी सेलोटेप लावला, आणि माझ्या नाटकातला कायदा-सुव्यवस्थेचा सगळा विभाग ओठ न हलवता बोलू लागला.

माइक चारपैकी दोनच चालू. म्हणून ज्याचा संवाद त्याच्या हातात माइक. वॉर्डन गरजायचा, "खामोश! गाणं बंद!" आणि अदबीनं माइक पुढं करायचा, "हं, घे." विद्यार्थी बाणेदार उत्तर देऊन तो परत करायचा. फौजदारानं एका हातानं लाठी हाणली आणि दुसऱ्या हातानं माइक धरला, मार खाणाऱ्याचं "वंदे मातरम्" नीट ऐकू यावं म्हणून.

दुसऱ्या प्रवेशात सामंत अडला. नुसता अडला नाही, आटला. मी विंगेतून वाक्य सांगायला वही उघडतोय तोवर पीटीच्या सरांनी आपला फोन पुढं केला. पलीकडं ऊसतोडीला गेलेला आमचा वॉर्डन. सरांनी संध्याकाळपासून फोन लावून ठेवला होता, पोरगं कारखान्याजवळच्या कोपीत, म्हणजे झोपडीत, बसून नाटक ऐकत होतं. सरांनी फोन स्पीकरवर टाकला आणि माइकजवळ नेला. इतका जवळ न्यायची गरज नव्हती.

"अरे त्याच्या आधी तू खोक की!" अख्ख्या मांडवात आवाज घुमला.

सामंत खोकला. लोक हसले. मग कोपीतला वॉर्डन वाक्य सांगायचा आणि स्टेजवरचा ते पुन्हा म्हणायचा. थोड्या वेळानं स्टेजवरच्यानं म्हणणंच सोडलं, नुसते हातवारे ठेवले. आवाज एकाचा, हात दुसऱ्याचा, आणि खरं सांगतो, वॉर्डन इतका कडक कुठल्याच तालमीत झाला नव्हता. पोरांना वसतिगृहातून काढायचा हुकूम आला. "आत्ताच्या आत्ता सामान उचला!" फोन गरजला, आणि लगेच त्यातूनच त्याच्या बापाचा आवाज आला, "ठिव तो फोन, गाडी आलीय भरायला!"

पोरांनी सामान उचललं. टाळ्या थांबेनात. प्रमुख पाहुण्यांना वाटलं, हे असंच लिहिलंय. पुढं रेंज गेली आणि उरलेलं नाटक मुख्याध्यापकांनी तुरुंगातून एकट्यानं पार पाडलं.

भाषणात पाहुण्यांनी "फोनमधलं जे पात्र होतं" त्याला पाचशे रुपयांचं बक्षीस जाहीर केलं. नोट माझ्याकडं आली. क्लार्कनं पावती फाडली नाही. म्हणाला, बक्षीस घेणाऱ्याची सही लागते, पालकाची चालत नाही, अंगठा तर नाहीच. मी पोराला फोन लावला. मागं ट्रॅक्टर चालू होता.

"सीझन संपला, पट्टा पडला की येतो सर, तवर तुमच्याकडंच ऱ्हाऊ द्या. बापाला सांगू नका."

"बरं."

"अन् पुढल्या साली मला फौजदार द्या."

पुढल्या साली तो दहावीत. दहावीच्या पोरांना आम्ही नाटकात घेत नाही, हे मी त्याला सांगितलं.

"मग फोनवर करतो की," तो म्हणाला.