उसनं काय आणि स्वतःचं काय : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार, इतकी सविस्तर आणि रोखठोक प्रतिक्रिया दिलीत त्याबद्दल आधी आभार. तुमचं म्हणणं थोडक्यात असं की अमेरिकेला स्वतःची संस्कृतीच नाही, सगळं इंग्लंडचं उसनं, मुलाकडे न्यू जर्सीत राहून मॉल आणि हायवे सोडून तुम्हाला काही दिसलं नाही. आणि दुसरं म्हणजे देश ४ जुलै १७७६ ला जन्मला, तेव्हा "अमेरिकन ही ओळख हळूहळू घडत गेली" या माझ्या आधीच्या लेखातल्या वाक्याला काही अर्थ नाही.

दुसरा मुद्दा आधी घेते. १७७६ ला स्वातंत्र्याचा जाहीरनामा निघाला, पण म्हणून लगेच कोणी स्वतःला अमेरिकन समजायला लागलं असं झालं नाही. तो जाहीरनामा लिहिणारा जेफरसनच "माझा देश" म्हणायचा तेव्हा त्याच्या मनात बरेचदा त्याचं राज्य, व्हर्जिनिया, असायचं. त्याआधी १७५४ मध्ये फ्रँकलिनने ऑल्बनीला वसाहतींच्या एकीची योजना मांडली होती, ती एकाही वसाहतीने मंजूर केली नाही. इंग्लंडविरुद्धचं युद्ध जिंकल्यावरही काँग्रेसला, म्हणजे तिथल्या संसदेला, कर लावायचा अधिकार नाही, सैनिकांचे पगार थकलेले, राज्यं एकमेकांच्या मालावर जकात बसवतायत, म्हणून तर १७८७ ला फिलाडेल्फियात नव्याने राज्यघटना लिहायला बसावं लागलं. आणि १८६१ ला, जाहीरनाम्याला ८५ वर्षं होत आल्यावर, उत्तर-दक्षिण राज्यांचं यादवी युद्ध पेटलं आणि व्हर्जिनिया दक्षिणेकडे गेलं तेव्हा, आयुष्यभर अमेरिकन सैन्यात नोकरी केलेला रॉबर्ट ली राजीनामा देतो, कारण व्हर्जिनियावर शस्त्र उचलणं त्याला जमणार नाही. ओळख १७७६ लाच पक्की झाली असती तर हे झालं असतं का?

आता उसनं घेण्याबद्दल. सुरुवातीला उसनं होतंच, मी कुठे नाही म्हणतेय. शाळेतली पोरं इंग्लंडची पुस्तकं घोकायची, त्यात गावांची नावंसुद्धा इंग्लंडची. नोआ वेबस्टर नावाच्या तरुण मास्तरला हे खुपलं आणि त्याने १७८३ मध्ये स्पेलिंगचं पुस्तक काढलं, त्यात अमेरिकन गावांची नावं घातली, पुढे त्याच्या लाखो प्रती खपल्या आणि वेगवेगळ्या राज्यांतली पोरं एकाच पुस्तकावर वाढली, माझ्या मते राष्ट्र घडवण्यात कितीतरी लढायांपेक्षा हे काम मोठं आहे. राष्ट्रगीताचंच बघा, शब्द १८१४ चे, बाल्टिमोरवर ब्रिटिश तोफा चालल्या तेव्हाचे, चाल मात्र लंडनच्या एका क्लबच्या गाण्याची! हा मुद्दा तुमच्या बाजूचाच आहे, पण तो तिथेच थांबत नाही.

कारण अमेरिकेचं जे सगळ्यात अस्सल आहे ते साहेबाकडून आलेलंच नाहीये. गुलाम म्हणून आणलेल्या आफ्रिकन माणसांनी बायबलातल्या गोष्टी आणि चर्चची गाणी घेतली, त्यात आपला ताल घातला, एकाने ओळ टाकायची आणि बाकीच्यांनी उचलायची ही आपली पद्धत घातली, आणि जे तयार झालं ते ना इंग्लंडमध्ये होतं ना आफ्रिकेत. नॅशव्हिलला १८६६ मध्ये मुक्त झालेल्या गुलामांसाठी फिस्क ही शाळा निघाली, काही वर्षांतच कर्जात बुडायला आली, तेव्हा १८७१ मध्ये तिथले नऊ विद्यार्थी गाऊन पैसे उभे करायला बाहेर पडले. त्यातले बहुतेक जन्माने गुलाम. ही गाणी परक्यांपुढे गायला त्यांना आधी नकोच वाटायचं, एक तर त्यात गुलामीच्या आठवणी आणि वर आईवडिलांच्या लेखी ती पवित्र. पण गायले, आणि १८७३ ला इंग्लंडमध्ये राणी व्हिक्टोरियापुढे गायले. त्या पैशातून उभा राहिलेला ज्युबिली हॉल आजही नॅशव्हिलमध्ये आहे. म्हणजे तुम्ही म्हणता ते इंग्लंड इथे ऐकणाऱ्याच्या जागी आहे! पुढे ब्लूज, जॅझ, गॉस्पेल, सगळ्यांची मुळं याच मातीतली. हे वाचलं की मला दरवेळी भरून येतं.

त्याच १८७३ साली इकडे पुण्यात जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या ज्या सदाचारी लोकांनी गुलामांना दास्यातून सोडवलं त्यांना अर्पण केली. अमेरिकेत नेमकं काय बघायचं ते त्यांना इतक्या लांबून बरोबर कळलं होतं.

राष्ट्र म्हणजे काय हा वादसुद्धा बाहेर ठेवलेल्या माणसांनीच पुढे नेला. फ्रेडरिक डग्लस, स्वतः गुलामीतून पळून आलेला, ५ जुलै १८५२ ला रॉचेस्टरमध्ये गोऱ्या श्रोत्यांना तोंडावर म्हणाला की हा ४ जुलै तुमचा आहे, माझा नाही. पण त्याच भाषणात त्याने राज्यघटना स्वातंत्र्याच्या बाजूची आहे असंही ठामपणे सांगितलं, देश सोडून दिला नाही, हक्क सांगितला. १७९० च्या कायद्यात बाहेरून आलेल्यांपैकी फक्त मुक्त गोऱ्यांना नागरिक होता येत होतं. तिथे जन्मलेला प्रत्येक जण नागरिक, हे घटनेत यायला यादवी युद्ध आणि १८६८ ची दुरुस्ती लागली, आणि त्यातूनही मूळ रहिवासी जमाती वगळल्याच, त्यांना १९२४ पर्यंत थांबावं लागलं. आपल्या लोकांचं म्हणाल तर १९२३ मध्ये भगतसिंग थिंड यांना तिथल्या सुप्रीम कोर्टाने तुम्ही गोरे नाही म्हणून नागरिकत्व नाकारलं, पहिल्या महायुद्धात अमेरिकन सैन्यात असूनही, आणि भारतीयांना ते दार उघडलं १९४६ ला. तुमचा मुलगा आज ज्या अमेरिकेत राहतोय ती १७७६ ची नाही, ती या लोकांनी भांडून वाढवून घेतलेली आहे.

चेरोकी या मूळ रहिवासी जमातीचा विषय यात बसवता आला नाही, स्वतःची लिपी, स्वतःचं वर्तमानपत्र असलेल्या माणसांना १८३८ मध्ये घरातून हाकललं, त्यावर पुढचा लेख लिहितेय. तिथेही असंच सडेतोड लिहा.