गॅरेथ इव्हान्स : हाणामारी नीट दिसू देणारा दिग्दर्शक

फटका कुणी मारला, तो कुठून आला आणि कुठे बसला, हे प्रेक्षकाला स्पष्ट दिसलेच पाहिजे, हा आग्रह आजच्या अ‍ॅक्शनपटांत गॅरेथ इव्हान्सइतक्या निष्ठेने क्वचितच कुणी धरला असेल, असे माझे ठाम मत आहे.

दक्षिण वेल्सचा हा दिग्दर्शक नावारूपाला आला तो इंडोनेशियात. पेन्चाक सिलाट या तिथल्या युद्धकलेवर माहितीपट करताना त्याला इको उवैस भेटला, जो तेव्हा एका दूरसंचार कंपनीत वाहनचालक होता. त्यालाच नायक करून इव्हान्सने २००९ मध्ये ‘मेरान्ताऊ’ केला. पुढे तुरुंग आणि टोळीयुद्धावरच्या मोठ्या चित्रपटासाठी पैसा उभा राहिला नाही, तेव्हा त्याने जवळजवळ सगळी कथा जकार्तातल्या एकाच इमारतीत कोंडली. तोच २०११ चा ‘द रेड’; खर्च सुमारे अकरा लाख डॉलर.

त्याची कथा तोकडी आहे, हे मला मान्य आहे. पण इव्हान्सचे खरे लेखन हाणामारीच्या रचनेत असते. उवैस आणि सिलाटपटू अभिनेता यायान रुहियान यांच्यासह तो प्रत्येक झुंज आधी गाद्या अंथरून साध्या कॅमेऱ्यावर चित्रित करतो आणि जोडून पाहतो, त्यामुळे प्रत्यक्ष चित्रीकरणात कुठला तुकडा कुठे संपणार हे ठरलेले असते. इंडोनेशियातल्या चित्रपटांचे संकलनही त्याने स्वतःच केले. म्हणूनच नायक जमिनीच्या भगदाडातून खालच्या मजल्यावर कोसळतो तेव्हा कॅमेराही त्याच्यामागून खाली उतरतो, आणि आपला दिशेचा अंदाज क्षणभरही सुटत नाही.

आधी रखडलेली ती मोठी कथा २०१४ च्या ‘द रेड २’मध्ये आली. अडीच तासांची लांबी मला जड वाटते, तरी मोटारींच्या पाठलागात एका छायाचित्रकाराला चक्क गाडीच्या आसनाचा वेष चढवून कॅमेरा या गाडीतून त्या गाडीत पोहोचवणे, ही जिद्द थक्क करणारी आहे. शेवटी स्वयंपाकघरात उवैस आणि सेचेप आरिफ रहमान समोरासमोर येतात, तेव्हा दोघांच्या पवित्र्यांतूनच परस्परांविषयीचा आदर कळतो. मग हळूहळू थकवा, वेदना आणि अखेर केरांबिट ही वाकडी पाती. इतकी व्यक्तिरेखा संवादांतूनही क्वचित उभी राहते.

१९०५ मधल्या एका बेटावरच्या पंथाची भयकथा सांगणारा ‘अपॉसल’ (२०१८) संथ असूनही मला आवडतो. ‘हॅवॉक’ने (२०२५) मात्र माझी निराशा केली, कारण त्यातला सुरुवातीचा पाठलाग संगणकावर घडवलेला असल्याचे लगेच जाणवते आणि वस्तूंचे वजनच हरवते. त्याच चित्रपटातल्या नाइटक्लबमधल्या झुंजीत ते वजन पुरेपूर परत येते, म्हणून त्याच्या पुढच्या चित्रपटाची मी आजही उत्सुकतेने वाट पाहतो.