टायटॅनिकचं ते दार आणि त्यावरचा खरा माणूस

'टायटॅनिक'मधून कापलेले सीन बघितले नसतील तर जरूर बघा. २००५ साली आलेल्या स्पेशल डीव्हीडीत ते आहेत, यूट्यूबवरही सुटे सुटे सापडतात. मूळ सिनेमा सव्वातीन तासांचा आणि कापलेलं जवळजवळ पाऊण तासाचं. म्हणजे दिग्दर्शक जेम्स कॅमरॉनने मनात आणलं असतं तर आपण थेट चार तास थिएटरात बसलो असतो. आणि १९९८ मध्ये बसलोही असतो, माझी खात्री आहे.

आधी हे सांगते की बरीचशी काटछाट मला पटते. शेवटच घ्या. आधी चित्रित केलेल्या शेवटात म्हातारी रोझ कठड्यावर चढलेली असताना तिची नात आणि टायटॅनिकच्या अवशेषांत तिच्याजवळचा हिरा शोधणारा ब्रॉक लव्हेट धावत तिथे पोचतात. रोझ त्याला हिरा क्षणभर हातात घेऊ देते, आयुष्य किती अनमोल आहे ते समजावते आणि मग तो पाण्यात सोडते. ब्रॉक हसत सुटतो आणि नातीला नाचायला बोलावतो! तो सीन बघताना मला अक्षरशः ओरडावंसं वाटलं. ती गोष्ट तिची एकटीची आहे, तिथे दुसऱ्या कुणाचं काय काम? सिनेमात आता आहे तो शेवट, एकही वाक्य न बोलणारा, लाखपट चांगला.

रोझचा होणारा नवरा कॅल, त्याचा नोकर लव्हजॉय. या लव्हजॉयची आणि जॅकची बुडत्या डायनिंग सलूनमधली मारामारीही गेली ते बरं झालं. (तिची एक खूण मात्र राहून गेली आहे. जहाज मोडतं तेव्हा लव्हजॉयच्या डोक्यातून रक्त वाहत असतं, ते त्या मारामारीतलं.) जवळच बर्फात थांबलेल्या 'कॅलिफोर्नियन' जहाजाचा भागही कापला. त्यांचा वायरलेसवाला बर्फाची सूचना देतो, टायटॅनिकचा ऑपरेटर केप रेस या किनाऱ्यावरच्या वायरलेस केंद्राशी बोलण्यात गुंतलेला असतो, तो त्याला गप्प करतो आणि हा बिचारा यंत्र बंद करून झोपतो. इतिहास म्हणून फार मोठी घटना, पण सिनेमा त्या एका जहाजाबाहेर जात नाही यातच त्याची ताकद आहे. तेही मान्य.

मला राग आहे तो तिसऱ्या वर्गाच्या वाट्याला आलेल्या कात्रीचा. जॅक जिला उचलून नाचवतो ती छोटी कोरा आठवते? ती आणि तिचे आईवडील बंद जाळीशी अडकतात, तो सीन गेला. जॅकचा मित्र फॅब्रिझिओ त्याला आवडणाऱ्या हेल्गाला आपल्याबरोबर चल म्हणून विनवतो आणि ती घरच्यांना सोडायला तयार होत नाही, तेही गेलं. पहिल्या वर्गातल्या श्रीमती स्ट्राउस नवऱ्याला सोडून बोटीत बसायला नकार देतात तो संवादही कापलाय, हे खरं. पण त्या दोघांचा पलंगावरचा शॉट तरी राहिला, आणि तो आजही रडवतो. कोराला तेवढंही मिळालं नाही.

आणि या सगळ्यांत सगळ्यात मोठं नुकसान एका छोट्याशा सीनचं झालंय. टायटॅनिकचा ऑफिसर लो याची लाइफबोट प्रेतांमधून फिरत असताना लाकडाला धरून तरंगणारा एक चिनी माणूस सापडतो आणि ते त्याला वर ओढून घेतात. बस, एवढंच.

हा माणूस कॅमरॉनने मनाने रचलेला नाही. टायटॅनिकवर आठ चिनी खलाशी तिसऱ्या वर्गाने चालले होते, त्यातले सहा वाचले. पाण्यातून काढलेल्याचं नाव फांग लांग. शार्लट कॉलियर या प्रवासी बाईंनी त्याची हकिगत लिहून ठेवली आहे. त्यांना तो जपानी वाटला होता. त्याने स्वतःला दोरीने एका तरंगत्या दाराला बांधून घेतलं होतं. हो, दाराला! हा मेलाच असेल, आणि नसला तरी वाचवायला याच्यापेक्षा लायक लोक आहेत, असं म्हणत लो पुढे निघाला होता, मग त्याचं मन बदललं. शुद्धीवर आल्यावर काही मिनिटांतच त्या माणसाने एका थकलेल्या खलाशाच्या हातातलं वल्हं घेतलं आणि मारायला सुरुवात केली. आपण जे बोललो त्याची लाज वाटते, असं लो नंतर म्हणाला.

सिनेमात रोझ ज्या तरंगत्या दारावर वाचते त्यावर जॅकही मावला असता की नसता यावर गेली पंचवीस वर्षं आपण भांडतोय. खऱ्या दारावर कोण होतं हे कुणी विचारत नाही.

न्यूयॉर्कला पोचल्यावर या सहा जणांना कुणी ब्लँकेट घेऊन सामोरं गेलं नाही. चिनी मजुरांना बंदी घालणारा १८८२ चा कायदा होता, त्यामुळे चोवीस तासांत त्यांची देशाबाहेर रवानगी झाली. वर्तमानपत्रांनी तर हे लोक बोटीत बाकांखाली लपून आले असं छापलं. फांग लांग पुढे नाव बदलून अमेरिकेत परत आला, तिथेच राहिला आणि स्वतःच्या मुलालाही टायटॅनिकबद्दल कधी एक शब्द बोलला नाही. त्या काळी ब्रिटिश बोटींवर आपल्या रत्नागिरीकडचे खलाशी डेकवर राबत होते, गोव्याचे लोक खानपान सांभाळत होते. त्यांच्यातल्या कितीजणांची नावं आपल्याला ठाऊक आहेत? म्हणून मला हा माणूस परका वाटत नाही.

सिनेमात म्हातारी रोझ म्हणते, पंधराशे माणसं पाण्यात पडली, त्यातली सहा वाचली. आपल्याला नीट दिसते ती मात्र ती एकटीच. तो सीन ठेवला असता तर 'सहा' या आकड्याला आणखी एक चेहरा मिळाला असता, तोही आयुष्यभर गप्प राहिलेल्या माणसाचा.

२०१२ मध्ये थ्रीडीत आणि २०२३ मध्ये पुन्हा सिनेमा लागला, दोन्ही वेळा हा सीन बाहेरच. 'एलियन्स' आणि 'टर्मिनेटर २' च्या लांब आवृत्त्या काढणाऱ्या कॅमरॉनला हे अवघड नाही. पुढच्या वेळी लागेल तेव्हा एवढा एक सीन परत जोडा. वेळेचाच प्रश्न असेल तर कॅल पिस्तूल घेऊन जॅक-रोझच्या मागे धावतो त्यातलं मिनिटभर काढून टाका, कुणाचंही काही बिघडणार नाही.