अठराच्या आतल्या मुलाला ‘काहीच होत नाही’ म्हणणाऱ्यांना

गेल्या आठवड्यात सोलापुरात अक्कलकोट रोडला बहिणीकडे गेलो, तेव्हा सोळा वर्षांचा भाचा वडिलांच्या मोटारसायकलची किल्ली बोटावर फिरवत दारात उभा होता. लायसन्सचे विचारताच त्याने मोबाईल माझ्यापुढे धरला. आमच्याच नातेवाइकांच्या ग्रुपवरचा संदेश होता: अठराच्या आत पोलीस हात लावू शकत नाहीत, निबंध लिहिला की सुटका, खून केला तरी तीन वर्षांत बाहेर आणि नोंदही पुसली जाते, म्हणून अशा पोरांना मोठ्यांच्याच तुरुंगात डांबा.

मोठ्यांनी हा संदेश संतापून पुढे पाठवला आणि घरातल्या मुलांनी तो मुभा समजून वाचला. माझा राग आहे तो याचाच. मोटार वाहन कायद्यात २०१९ साली घातलेल्या कलम १९९क नुसार अल्पवयीनाच्या हातून वाहनाचा गुन्हा घडला, तर पालकाला किंवा वाहनमालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि पंचवीस हजार रुपये दंड होऊ शकतो, गाडीची नोंदणी बारा महिने रद्द होते आणि त्या मुलाला वयाच्या पंचविशीपर्यंत लायसन्स मिळत नाही. ‘काहीच होत नाही’ ते हेच का?

पोलीस मुलाला ताब्यात घेऊ शकतात. फक्त कोठडीत ठेवता येत नाही आणि चोवीस तासांत अल्पवयीनांची प्रकरणे पाहणाऱ्या बाल न्याय मंडळापुढे न्यावे लागते. तीन वर्षांची गोष्ट तर निम्मीच सांगितलेली आहे. दिल्लीच्या डिसेंबर २०१२ च्या सामूहिक बलात्कार प्रकरणातील मुलाला तेवढीच शिक्षा झाली हे खरे, पण ती २००० च्या कायद्याखाली. २०१५ च्या बाल न्याय अधिनियमाचे कलम १५ उघडून पाहावे: किमान सात वर्षे शिक्षेचा गुन्हा सोळा ते अठरा वयाच्या मुलाने केला असल्यास, मंडळ त्याची क्षमता, परिणामांची समज आणि गुन्ह्याची परिस्थिती तपासून खटला बाल न्यायालयाकडे पाठवू शकते. तेथे प्रौढाप्रमाणे खटला चालून दोषी ठरल्यास एकविसाव्या वर्षापर्यंत त्याला ‘सुरक्षित स्थानी’, म्हणजे तुरुंगाऐवजी वेगळ्या संस्थेत, ठेवतात आणि तोवर तो सुधारला नसेल, तर उरलेली शिक्षा तुरुंगात भोगावी लागते. अशा मुलाची नोंदही आपोआप पुसली जात नाही.

निबंधाचे मात्र मान्य करावे लागते. मे २०२४ मध्ये पुण्यात अल्पवयीन मुलाच्या मोटारीच्या धडकेत दोघांचा जीव गेल्यावर मंडळाने त्याला ३०० शब्दांचा निबंध लिहायला सांगितला, त्यावर लोक भडकले ते योग्यच होते. पण ती जामिनाची अट होती, शिक्षा नव्हे.

मोठ्यांच्या तुरुंगात डांबण्याची भाषा निदान सोलापूरकरांनी तरी करू नये. ज्या गावातल्या सेटलमेंटमध्ये अख्ख्या जमातींना जन्मतः गुन्हेगार ठरवणाऱ्या ब्रिटिशांच्या गुन्हेगार जमाती कायद्याने पोराबाळांसह कुटुंबे तारेच्या कुंपणात ठेवली, त्या गावाला लहानपणी बसलेला शिक्का पिढ्यान्‌पिढ्या कसा पुसला जात नाही हे सांगावे लागावे, याचे वाईट वाटते.

संदेशाखाली एका मुलाचा नावासकट फोटोही जोडलेला आहे. अशी ओळख उघड करण्याला बाल न्याय अधिनियमाच्याच कलम ७४ खाली सहा महिन्यांपर्यंत कैद, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही आहे. तो काढून टाका, असे मेव्हण्यांना सांगून आठवडा झाला. आज सकाळपर्यंत तो ग्रुपवर तसाच होता.